मोजकेच बोलणारे बोर्ड

बिनतारी मायक्रोकंट्रोलर बोर्डावर दोन गोष्टी एकत्र नांदतात : एक चिमुकला संगणक आणि एक रेडिओ. संगणक आज्ञावलीप्रमाणे पिना चालू-बंद करतो, पिनेवरचा विद्युतदाब वाचतो, वेळ मोजतो. रेडिओ ते वाचन तारेविना दुसऱ्या यंत्राकडे धाडतो. बोर्ड तळहातापेक्षा लहान असतो, मोबाइलच्या चार्जरवर चालतो आणि साधारण पाचशे रुपयांच्या आसपास मिळतो. पुण्याच्या बुधवार पेठेतली तपकीर गल्ली किंवा मुंबईचा लॅमिंग्टन रोड इथे एक फेरी मारली, की बोर्ड, जंपर वायर, ब्रेडबोर्ड आणि चार सेन्सर असा पहिला संच पिशवीत पडतो.

हे चित्र गेल्या वीस वर्षांत घडले. इटलीतल्या इव्ह्रेआ गावी २००५ मध्ये अर्डुइनोची सुरुवात झाली आणि इलेक्ट्रॉनिक्स न शिकलेल्यांनाही मायक्रोकंट्रोलर हाताळता येऊ लागला. त्यात रेडिओ मात्र नव्हता. तो वेगळा विकत घेऊन जोडावा लागे. २०१४ च्या सुमारास शांघायच्या एस्प्रेसिफ कंपनीची ईएसपी८२६६ ही वायफायची चिप छंदिष्टांच्या हाती आली. २०१६ मध्ये तिची थोरली बहीण ईएसपी३२ आली. तिच्यात २४० मेगाहर्ट्झपर्यंत धावणारे दोन गाभे, ५२० किलोबाइट स्मृती, वायफाय आणि ब्लूटूथ हे सारे एकाच चिपवर होते. २०२२ मध्ये रास्पबेरी पायने पिको डब्ल्यू काढला. आज नवशिक्याच्या हाती येणारा पहिला बोर्ड बहुधा यांपैकीच एक असतो.

जुन्नर-आंबेगावचा रेडिओशी संबंध

भीमाशंकरच्या डोंगररांगेपासून पूर्वेकडे उतरत जाणारे आंबेगाव आणि जुन्नर हे पुणे जिल्ह्यातले तालुके अशा छंदासाठी विलक्षण जागा आहेत. पश्चिमेला सह्याद्रीच्या माथ्यावर वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस पडतो. पूर्वेला मंचर-नारायणगावच्या पट्ट्यात त्याच्या चौथाईइतकाही मिळणे मुश्कील. घाटमाथ्यावर सदाहरित जंगल, मध्ये डिंभे धरण आणि भातखाचरे, खाली टोमॅटो, कांदा, द्राक्षे. मोजण्यासारखे पुष्कळ आहे आणि ते चार-पाच कोसांवर बदलत जाते.

रेडिओशीही या भागाचे जुने नाते आहे. जुन्नर तालुक्यातल्या आर्वी येथे १९७१ मध्ये परदेशांशी उपग्रहामार्फत संपर्क साधणारे विक्रम भू-केंद्र सुरू झाले. नारायणगावजवळच्या खोडदला डॉ. गोविंद स्वरूप यांच्या कल्पनेतून जायंट मीटरवेव्ह रेडिओ टेलिस्कोप, म्हणजे जीएमआरटी, उभी राहिली. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या. त्यांतल्या १४ मध्यभागी सुमारे एक किलोमीटरच्या चौकात आणि बाकीच्या इंग्रजी वाय अक्षराच्या तीन भुजांवर २५ किलोमीटरपर्यंत पसरलेल्या. ही जागा निवडण्याचे एक मोठे कारण म्हणजे इथली शांतता. डोंगरांची आड होती, कारखाने थोडे होते आणि माणसाने केलेला रेडिओ गोंगाट कमी होता. राष्ट्रीय विज्ञान दिनाच्या सुमारास खोडदला भरणाऱ्या प्रदर्शनात शाळा-महाविद्यालयांची मुले आपले प्रकल्प मांडतात.

आंबेगावच्या शेजारच्या शिरूर तालुक्यात पाबळ आहे. हिंदुस्थान लिव्हरमधली संशोधनाची नोकरी सोडून डॉ. श्रीनाथ कलबाग यांनी १९८३ मध्ये तिथे विज्ञान आश्रम सुरू केला. शाळा सुटलेल्या मुलांनी हाताने काम करत शिकावे, गावाला लागणाऱ्या सेवा द्याव्यात आणि त्यातून विज्ञान समजून घ्यावे, ही त्यांची पद्धत. वर्कशॉप, ऊर्जा, गृह-आरोग्य आणि शेती-पशुपालन या चार विभागांत मुले आलटून पालटून काम करतात. अमेरिकेतल्या एमआयटीचे नील गर्शेनफेल्ड यांनी फॅब लॅबची कल्पना मांडली, तेव्हा एमआयटीबाहेरच्या अगदी सुरुवातीच्या प्रयोगशाळांपैकी एक २००२ मध्ये पाबळला आली. बाजारात मिळेल ते यंत्र आणण्याऐवजी गावाला हवे ते यंत्र गावात बनवायचे, हा विचार या परिसरात बिनतारी बोर्ड येण्याआधीच रुजला होता.

पहिले धडे

पहिला प्रकल्प म्हणजे एक एलईडी लुकलुकवणे. ईएसपी३२ च्या पिना ३.३ व्होल्टच्या असतात. लाल एलईडी सुमारे २ व्होल्ट खातो, उरलेले १.३ व्होल्ट २२० ओहमच्या रोधकावर पडतात आणि सुमारे ६ मिलिअँपिअर प्रवाह वाहतो. ओहमचा नियम शाळेच्या पुस्तकातून ब्रेडबोर्डवर येतो तो असा. रोधक विसरला तर एलईडी किंवा बोर्डाची पीन, दोहोंपैकी एक जाऊ शकते. जुन्या अर्डुइनोसाठी बनलेले काही सेन्सर ५ व्होल्टचा संकेत देतात. तो थेट ३.३ व्होल्टच्या पिनेला जोडला तरीही पीन जाऊ शकते.

दुसरा धडा तापमानाचा. पाण्यात बुडवता येणारा, स्टीलच्या नळीतला डीएस१८बी२० हा सेन्सर अर्ध्या अंशाच्या अचूकतेने तापमान सांगतो. त्याला फक्त तीन तारा आणि ४.७ किलोओहमचा एक रोधक लागतो. आर्द्रताही हवी असेल तर नवशिके डीएचटी२२ घेतात. भीमाशंकरच्या धुक्यात मात्र तो जुलैभर नव्व्याण्णवच्या पुढे अडकून बसतो. सेन्सर बिघडलेला नसतो, हवाच तशी असते. पण त्या वाचनातून नवे काही कळत नाही.

तिसरा धडा पिनांचा नकाशा वाचण्याचा. ईएसपी३२ वर ३४ ते ३९ या क्रमांकांच्या पिना फक्त वाचण्यासाठी आहेत आणि त्यांना आतला पुल-अप रोधक नाही. शिवाय सदृश (अ‍ॅनालॉग) वाचनाचे दोन संच आहेत. त्यांतला दुसरा वायफाय चालू असताना वापरता येत नाही. प्रकल्प टेबलावर उत्तम चालतो आणि वायफाय जोडल्याबरोबर मातीच्या ओलाव्याचे आकडे बंद पडतात, तेव्हा दोष बहुतेक वेळा इथेच सापडतो. ओलाव्याचा सेन्सर ३२ ते ३९ पैकी एखाद्या पिनेवर हलवला, की काम भागते.

डोलणारे पात्र

या मुलखात सर्वांत उपयोगी पहिला पूर्ण प्रकल्प म्हणजे पर्जन्यमापक. त्याची यंत्रणा सोपी आहे. वर नरसाळे, खाली मधोमध आसावर डोलणारे, दोन कप्प्यांचे छोटे पात्र. एक कप्पा भरला की पात्र कलंडते, पाणी सांडते आणि दुसरा कप्पा धारेखाली येतो. पात्राला चिकटवलेले लोहचुंबक प्रत्येक डोलाला काचेच्या नळीतल्या रीड स्विचसमोरून जाते; स्विच क्षणभर जुळतो आणि बोर्ड एक आकडा वाढवतो.

नरसाळ्याचे तोंड १६ सेंटीमीटर व्यासाचे असेल तर त्याचे क्षेत्रफळ सुमारे २०१ चौरस सेंटीमीटर भरते. ०.२ मिलिमीटर पाऊस म्हणजे त्यात पडलेले सुमारे ४ मिलिलिटर पाणी. प्रत्येक डोल एवढ्या पाण्याला व्हावा, यासाठी पात्राखालचे दोन स्क्रू खालीवर करतात. तपासणीला औषधाच्या दुकानातली सिरिंज पुरते. ४०० मिलिलिटर पाणी बारीक भोकातून थेंबथेंब सोडावे. शंभर डोल मिळायला हवेत. ९२ मिळाले तर प्रत्येक डोल ४.३५ मिलिलिटरचा, म्हणजे ०.२१६ मिलिमीटरचा आहे. मग स्क्रूशी झगडण्यापेक्षा आज्ञावलीत ०.२ च्या जागी ०.२१६ लिहिणे सोपे. पाणी घाईने ओतले तर हा हिशेब चुकतो, कारण पात्र कलंडत असतानाही धार चालूच असते आणि ते पाणी मोजणीतून निसटते. मुसळधार पावसात असे सगळेच मापक थोडे कमी दाखवतात.

स्विचचीही एक खोड आहे. त्याच्या पत्त्या एकदा जुळताना काही मिलिसेकंद थरथरतात आणि बोर्डाला एका डोलाचे चार-पाच डोल दिसतात. एक डोल नोंदल्यावर पुढच्या १०० मिलिसेकंदांतले संकेत सोडून द्यायचे, एवढा उपाय पुरतो. ताशी १०० मिलिमीटर असा भयंकर पाऊस धरला तरी ०.२ मिलिमीटरचे डोल सव्वासात सेकंदांनी एक असे पडतात. त्यामुळे खरा डोल यात हरवत नाही.

बॅटरीचा हिशेब

पावसाळ्यात घाटमाथ्यावर सूर्य दिवसच्या दिवस दिसत नाही. सौर पट्टीवर भिस्त ठेवणारा प्रकल्प नेमका मोजायच्या दिवसांत झोपतो. म्हणून बॅटरीचा हिशेब आधी मांडावा लागतो.

वायफाय सतत चालू ठेवलेला ईएसपी३२ सरासरी १०० मिलिअँपिअर खातो असे धरू. २५०० मिलिअँपिअर-तासांचा १८६५० जातीचा लिथियम सेल त्यावर २५ तास टिकेल, म्हणजे आज लावला तर उद्या संपला. हाच बोर्ड गाढ झोपेत घातला तर चिप सुमारे १० मायक्रोअँपिअरवर तग धरते. दर १५ मिनिटांनी ५ सेकंद जागा होऊन निरोप धाडला तर सरासरी प्रवाह ०.५६ मिलिअँपिअरच्या आसपास येतो आणि कागदावर तोच सेल सहा महिने पुरतो.

कागदावर म्हणायचे कारण बोर्डात आहे. चिप झोपली तरी तिच्याभोवतीचा व्होल्टेज रेग्युलेटर, यूएसबीची चिप आणि तांबडा दिवा जागेच असतात. हा जागता पहारा ८ मिलिअँपिअरचा असेल तर सहा महिन्यांचे बारा दिवस होतात. दिवा काढून टाकणे, कमी खाणाऱ्या रेग्युलेटरचा बोर्ड निवडणे आणि सेन्सरची वीजही एका पिनेवरून फक्त वाचनापुरती देणे, या तीन गोष्टींनी मोठा फरक पडतो. झोपेतही जिवंत राहणारी थोडी स्मृती ईएसपी३२ मध्ये असते. डोलांचा आकडा तिथे ठेवायचा. प्रत्येक डोलाला चिप क्षणभर उठते, एक मिळवते आणि पुन्हा झोपते. रेडिओला उठवायची तेव्हा गरज नसते.

डोंगर, पाने आणि लहरी

वायफाय २.४ गिगाहर्ट्झवर चालते. तिथे लहरीची लांबी साडेबारा सेंटीमीटर असते. ओली पाने या लहरी शोषून घेतात. अंगणात पन्नास पावलांवर छान चालणारा दुवा भीमाशंकरच्या झाडीत थोड्याच अंतरावर तुटतो. राउटर नसलेल्या ठिकाणी दोन बोर्ड ईएसपी-नाऊ या पद्धतीने थेट एकमेकांशी बोलू शकतात. वाडी आणि गोठा एवढ्या अंतराला ती पुरते. तिच्या मूळ आवृत्तीत एका वेळी २५० बाइटपर्यंतचा निरोप जातो.

अंतर किलोमीटरमध्ये गेले की लोरा वापरतात. फ्रान्समधल्या सिक्लिओ कंपनीने हे तंत्र विकसित केले. २०१२ मध्ये ती सेमटेकने घेतली. यात माहिती खालून वर सरकत जाणाऱ्या स्वरांत गुंफली जाते, त्यामुळे गोंगाटाखाली दबलेला संकेतही वेचून काढता येतो. मोबदल्यात वेग सोडावा लागतो. सहा बाइटचा निरोप जलद मांडणीत सुमारे ३६ मिलिसेकंदांत जातो. सर्वांत दूर पोचणाऱ्या मांडणीत त्यालाच जवळजवळ एक सेकंद लागतो. लोराही डोंगराआरपार जात नाही. डिंभ्याच्या खोऱ्यातून पलीकडच्या खोऱ्यात निरोप न्यायचा तर मधल्या सोंडेवर निरोप पुढे ढकलणारा एक बोर्ड ठेवावा लागतो. अँटेना न जोडता लोराचा रेडिओ कधी चालवू नये. बाहेर न गेलेली शक्ती परत फिरून चिप निकामी करू शकते.

वारंवारतेची निवड जुन्नर तालुक्यात विशेष जपून करावी लागते. भारतात ८६५ ते ८६८ मेगाहर्ट्झ हा पट्टा ठरलेल्या शक्तिमर्यादेत परवान्याविना वापरता येतो. बाजारात स्वस्त मिळणारी पुष्कळशी मॉड्यूल मात्र ४३३ मेगाहर्ट्झची असतात. आता जीएमआरटी कुठे ऐकते ते पाहावे. सुधारणेनंतर तिचे मुख्य पट्टे साधारण १२० ते २५०, २५० ते ५००, ५५० ते ८५० आणि १०५० ते १४५० मेगाहर्ट्झ असे आहेत. ४३३ त्यांतल्या दुसऱ्या पट्ट्याच्या पोटात येतो. ८६५ तिसऱ्या आणि चौथ्याच्या मधल्या फटीत बसतो.

या दुर्बिणीचा कान किती तिखट आहे, हे ऑक्टोबर २०१६ मध्ये दिसले. युरोपचे स्कियापारेल्ली हे यान मंगळावर उतरत असताना त्याचा ४०१ मेगाहर्ट्झच्या आसपासचा क्षीण संकेत खोडदला टिपला गेला. मंगळावरचा छोटा प्रक्षेपक जिथे ऐकू येतो, तिथे जवळच्या मळ्यातले ४३३ चे मॉड्यूल नको तितके मोठ्याने बोलते. ८६५ चा पट्टा घेणे, शक्ती गरजेपुरतीच ठेवणे आणि क्वचित बोलणे हे इथले शिष्टाचार आहेत. आवाज केवळ रेडिओतून येतो असेही नाही. स्वस्त चार्जर, एलईडीचे चालक आणि व्होल्टेज उतरवणारी मॉड्यूल जलद चालू-बंद होत असताना रुंद पट्ट्यात खरखर सोडतात. फिल्टर असलेले चांगले अडॅप्टर, आखूड तारा आणि जमिनीला जोडलेली धातूची पेटी यांनी ती बरीच आवरते. अँटेना तेवढी पेटीबाहेर काढायची.

सहा बाइटचा निरोप

निरोप लिहिण्याची कला याच हिशेबातून येते. नवशिके तापमान, पाऊस, बॅटरी अशी नावे आणि आकडे मजकुराच्या रूपात पाठवतात. तो सहज ६० अक्षरांचा होतो. सर्वांत दूरच्या मांडणीत तो अडीच सेकंदांहून जास्त वेळ हवा अडवून ठेवतो. तीच माहिती सहा बाइटमध्ये बसते : केंद्राचा क्रमांक एक बाइट, डोलांचा आकडा दोन, तापमान दोन, बॅटरी एक. दोन बाइटमध्ये ६५,५३५ पर्यंत मोजता येते. प्रत्येक डोल ०.२ मिलिमीटरचा धरला तर ते १३ हजार मिलिमीटर झाले. भीमाशंकरचा अख्खा वर्षाचा पाऊस त्यात मावून उरतो.

डोलांची एकूण बेरीज पाठवावी, मागच्या पंधरा मिनिटांतला फरक पाठवू नये. फरकाचा एक निरोप विजेच्या कडकडाटात हरवला तर तेवढा पाऊस कायमचा हरवतो. बेरीज पाठवली तर पुढचा निरोप पोचताच हिशेब आपोआप जुळतो. शिवाय प्रत्येक वाचन मेमरी कार्डावरही उतरवावे आणि वेळेसाठी डीएस३२३१ हे घड्याळ जोडावे. मोबाइलचे जाळे गेले तरी नोंद राहते आणि घड्याळ वर्षाला मिनिटभराहून फारसे हलत नाही. गावात इंटरनेट असलेल्या घरी पोचल्यावर निरोप बहुधा एमक्यूटीटी पद्धतीने पुढे जातो. ही पद्धत १९९९ मध्ये तेलवाहिन्यांवर उपग्रहामार्फत नजर ठेवण्यासाठी रचली गेली; महागड्या, मंद दुव्यावर थोडक्यात बोलणे हाच तिचा जन्मापासूनचा हेतू.

पेटी, मळा आणि जंगल

घाटमाथ्यावर प्रकल्प बंद पडतो तो बहुधा पाण्याने. घट्ट झाकणाच्या पेटीतही थंड रात्री बाष्प जमते. तारा तळातून आत घ्याव्यात, त्यांना थेंब गळून पडेल असा खाली वळसा द्यावा, पेटीत सिलिका जेलची पुडी ठेवावी आणि सोल्डर केलेल्या सांध्यांवर संरक्षक लेप द्यावा. ब्रेडबोर्ड शिकण्यापुरता, बाहेर ठेवायचे ते सारे सोल्डर केलेलेच हवे. नरसाळ्याच्या तोंडाशी जाळी नसेल तर पहिल्याच आठवड्यात पाने आणि मुंग्या पात्र अडवतात.

खालच्या पट्ट्यात मातीचा ओलावा मोजण्याकडे ओढा असतो. दोन उघड्या दांड्यांचा स्वस्त सेन्सर टाळावा. प्रवाहामुळे त्याच्या दांड्या थोड्याच दिवसांत झिजतात. धारितेवर चालणारा सेन्सर टिकतो, पण त्याचे आकडे प्रत्येक मातीत वेगळे येतात. त्याच शेतातली वाळवलेली माती आणि पूर्ण भिजवलेली माती यांत वाचन घेऊन आधी दोन टोके ठरवावी लागतात. द्राक्षबागेत तापमानाच्या जोडीला पान किती तास ओले राहिले हे मोजले, तर डाऊनी रोगाच्या धोक्याचा अंदाज घ्यायला त्याची मदत होते.

मोटार चालू-बंद करण्याचा मोह नवशिक्याने आवरावा. शेतीपंपाची थ्री-फेज वीज ४१५ व्होल्टची असते. ओल्या हातांनी, उघड्या रिलेने तिच्याशी खेळणे जिवावर बेतते. रात्री पाणी द्यायला जाताना बिबट्याची भीती असलेल्या जुन्नरमध्ये दुरून मोटार चालवण्याची गरज खरी आहे. पण ते काम जाणकार वायरमनने बसवलेल्या स्टार्टरचे. बोर्डाने फक्त कळवावे : वीज आली, टाकी भरली. गोठ्याजवळ हालचाल टिपून दिवा लावणारा पीआयआर सेन्सर सहज जोडता येतो. तो साधारण सात मीटरपर्यंतची उबदार हालचाल ओळखतो. त्यात कुत्रा, शेळी आणि बिबट्या असा भेद मात्र नसतो.

भीमाशंकर अभयारण्याच्या १३०.७८ चौरस किलोमीटर हद्दीत शेकरूच्या झाडावर काय, ओढ्याकाठी काय, वनविभागाच्या परवानगीविना कोणतेही यंत्र बसवता येत नाही. शाळेचे छप्पर, घराची ओसरी किंवा स्वतःचा बांध यांवर पहिले केंद्र उभारावे.

आकड्यांची मर्यादा

३० जुलै २०१४ रोजी आंबेगाव तालुक्यातल्या माळीण गावावर डोंगर कोसळला आणि दीडशेहून अधिक माणसे गेली. बाहेरच्या जगाला पहिली खबर मिळाली ती सकाळच्या एसटीच्या चालकामुळे. नेहमीचे गाव त्याला जागेवर दिसले नाही. त्यानंतर घाटातल्या पावसाची गावागावांतून मोजणी व्हावी, ही गरज सर्वांनाच पटते. राज्यात महावेध प्रकल्पाखाली महसूल मंडळनिहाय दोन हजारांहून अधिक स्वयंचलित हवामान केंद्रे उभी राहिली आहेत. पण एका मंडळात अनेक गावे येतात, आणि सह्याद्रीत एका सोंडेच्या अलीकडचा आणि पलीकडचा पाऊस सारखा नसतो. शाळांच्या छपरांवरचे मापक ही पोकळी थोडीफार भरून काढू शकतात.

ते दरड कधी कोसळेल हे सांगू शकत नाहीत. त्यासाठी मातीची जाडी, उतार, भूगर्भातले पाणी आणि अनेक वर्षांच्या नोंदी लागतात. इशारा देण्याचा अधिकार आणि जबाबदारी प्रशासनाची असते. छंदिष्टाच्या आकड्याला किंमत येते ती तपासणीने. मापक झाड-भिंतीपासून दूर, समपातळीत बसवायचा. शेजारी साधा, हाताने मोजायचा पर्जन्यमापक ठेवून रोज सकाळी साडेआठला दोन्ही आकडे वहीत लिहायचे. जाळी कधी साफ केली, सेल कधी बदलला, किती निरोप हरवले हेही त्याच वहीत नोंदवायचे. एक पावसाळाभर दोन्ही आकड्यांतला फरक ठरावीक मर्यादेत राहिला, तर त्या केंद्राची नोंद दुसऱ्या कुणालाही वापरता येते. त्यानंतर दुसरे केंद्र जोडावे.